सावर कुणाच्या घरची

सावर फुलली की माझं डोकं फिरतं. इतरांचं मन म्हणे प्रसन्न होतं. सकाळी फिरायला जाणारी मंडळी आमच्या गल्लीच्या तोंडाशी थांबतात, माना वर करतात, फोन काढतात. झाडावर एक पान नाही, नुसती लालभडक मांसल फुलं, आणि त्यांत चोच खुपसून भांडणाऱ्या मैना. मधूनच एखादं फूल थप्प करून डांबरावर पडतं. त्या आवाजासरशी मी खिडकी लावून घेते.

"आजी, एवढं सुंदर झाड, अन् तू खिडकी काय लावतेस?" ऋचा विचारते. ही माझ्या धाकट्या बहिणीची नात. बी.एस्सी.साठी नागपुरात आली आणि माझ्याकडे राहिली. विषय वनस्पतिशास्त्र. मीही तोच विषय आयुष्यभर शिकवला, म्हणून तिला वाटतं की झाडं दिसली की मला आनंद व्हायला हवा. मी तिला म्हणते, धूळ येते. मार्चमध्ये नागपुरात धूळ येतेच, त्यामुळे कुणी जास्त विचारत नाही.

खरं कारण एका मार्चचं आहे. त्या वर्षी आम्ही नुकतेच एका राज्यातून दुसऱ्या राज्यात गेलो होतो, जागचं न हलता. दिवाळीच्या सुमाराला आमचं शहर मध्य प्रदेशाची राजधानी होतं, आणि थंडी पडेपर्यंत कसलीच राजधानी नव्हतं. आम्ही मुंबई राज्याचे झालो होतो. कचेऱ्यांतली कपाटं बैलगाड्यांवर आणि ट्रकांवर चढत होती. आम्हाला कुणी विचारलं नव्हतं. कुठेतरी कुणीतरी कागदावर रेघ ओढली आणि आमचं कूळ बदललं. वीस वर्षांची होते मी. तेव्हा त्याचा राग आला नाही, कारण माझं सगळं लक्ष बी.एस्सी.च्या प्रात्यक्षिक परीक्षेकडे होतं.

आम्ही नागपुरातल्या तांडापेठेतले, विणकर. घरात दोन माग, दोन्ही खड्ड्यातले. बाबा एकावर, काका दुसऱ्यावर. सकाळी सहापासून खटखट सुरू व्हायची ती दिवेलागणीला थांबायची, आणि थांबली की कानात काहीतरी रिकामं झाल्यासारखं वाटायचं. मी सात वर्षांची असल्यापासून धोट्यात घालायच्या सुताच्या कांड्या भरत होते. कॉलेजात जाणारी आमच्या गल्लीतली मी पहिली मुलगी. बाबांनी परवानगी दिली ती एका अटीवर. ते म्हणाले होते, "एक डाव देतो. पास झाली त पुढं पाहू. नापास झाली त कांड्या भराले बस, अन् वैशाखात लग्न." बाबा वाईट नव्हते. पण बोलले की बोलले.

त्यामुळे ती परीक्षा म्हणजे माझं सगळं होतं. आणि परीक्षेत सगळ्यात मोठी गोष्ट होती सुकवलेल्या झाडांचा संग्रह. पन्नास झाडं गोळा करायची, दाबून सुकवायची, जाड कागदावर लावायची, खाली चिठ्ठी चिकटवायची: झाडाचं नाव, कुठे मिळालं, कधी मिळालं, गोळा करणाऱ्याचं नाव. मग एकेका कुळाची पानं एकेका तपकिरी वेष्टनात घालायची आणि वेष्टनावर कुळाचं नाव लिहायचं.

पन्नासपैकी चाळीस झाडं माझ्या मायनं गोळा केली. चिठ्ठ्यांवर गोळा करणाऱ्याचं नाव मात्र पन्नासही ठिकाणी माझं.

मायचं माहेर कुहीकडचं. तिला लिहिता येत नव्हतं, पण बांधावरचं, ओढ्याकाठचं, टेकडीवरचं एकही झाड तिला परकं नव्हतं. आम्ही दोघी रविवारी निघायचो. कधी तेलंगखेडीकडे, कधी सेमिनरी टेकडीवर. मी पिशवी आणि वही घेऊन पुढे, ती मागून लुगड्याचा ओचा खोचून. फांदी तोडण्याआधी ती पान चुरायची, ओल्या तळव्यावर घासायची, बोटं उघडमीट करून पाहायची. मग सालीचा एक पट्टा ओढायची. तो लांब, अखंड निघाला की म्हणायची, "हे आपल्या भेंडीच्या घरचं."

आमच्या घरी तिची एक रीत होती. ताण्याच्या उभ्या सुताला द्यायच्या खळीत, म्हणजे भाताच्या पेजेत, ती रानभेंडीच्या खोडाचं बुळबुळीत पाणी घालायची. सकाळी गल्लीभर ताणा पसरून त्याला खळ द्यायची वेळ झाली की तिच्या मडक्याभोवती शेजारणी जमायच्या. तिच्या खळीनं सूत ताठ व्हायचं, पण कडक नाही. ते ती माहेरच्या गुऱ्हाळावर शिकली होती. तिथे उकळत्या उसाच्या रसातली मळी काढायला रानभेंडीचं खोड ठेचून टाकतात. ते नसलं तर धामणीची साल. तीही नसली तर सावरीची. "एक नसली त दुसरी चालते, मंग नातं नाही काय त्याईचं?" असा तिचा सवाल.

माझ्या पुस्तकात ते नातं नव्हतं. जास्वंद, कापूस, अंबाडी, भेंडी हे माल्व्हेसी कुळातले. त्यांच्या पुंकेसरांची एक नळी होते आणि परागकोशाला एकच कप्पा असतो. धामण टिलिएसीत, कारण तिचे पुंकेसर सुटे. मुरडशेंग स्टर्क्युलिएसीत, कारण तिच्या परागकोशाला दोन कप्पे. सावर बॉम्बेकेसीत. सावरीबद्दल तर पुस्तकांतही एकमत नव्हतं. ग्रंथालयातल्या एका जुन्या जाड पुस्तकात ती सरळ जास्वंदीच्या घरात बसवलेली मी स्वतः पाहिली होती. पण आमच्या नेमलेल्या पुस्तकात चार कुळं म्हणजे चार कुळं.

मी मायला ते समजावलं. धामणीला तेव्हा नुकत्या कळ्या आल्या होत्या. तिनं माझं सगळं ऐकून घेतलं, मग एक कळी उचलली, एक जास्वंदीची उचलली, आणि दोन्ही माझ्या डोळ्यांपुढे धरल्या. "हे पाय वं. बाहेरच्या हिरव्या पाकळ्या पाय. काठाले काठ लागून आहे. एकीवर दुसरी चढली नाही. आता त्या तरवट्याची कळी पाय, कशी एकावर एक चढून राहिली." मी पाहिलं. दोन लुगड्यांचे काठ जोडताना बाई जसा काठ काठाला भिडवते, तसेच ते हिरवे काठ भिडलेले होते. सावरीच्या कळीचं कवच तिनं नखानं उकललं. तिथेही तेच. मुरडशेंगेच्या सुकलेल्या कळीतही तेच.

मला ते दिसलं. वर्गात बसून मी जे एक वर्ष पाठ करत होते, त्यात हे कुणी असं दाखवलं नव्हतं. पुस्तकात त्या काठांचा उल्लेख होता, बारीक अक्षरात, चारही कुळांच्या वर्णनात वेगवेगळ्या पानांवर. चार पानं एकत्र ठेवून पाहायचं कुणाला सुचलं नव्हतं. माझ्या मायला सुचलं, कारण तिचं आयुष्य काठ पाहण्यात गेलं होतं.

मग माझ्या अंगात आलं. वीस वर्षांच्या पोरीची मस्ती. मी सावर, धामण आणि मुरडशेंग उचलून माल्व्हेसीच्या वेष्टनात ठेवल्या. परीक्षक विचारतीलच; विचारलं की सांगायचं. उत्तर मी तयार केलं, पाठ केलं, कांड्या भरताना चरख्याच्या तालावर म्हणून पाहिलं. "सर, पुस्तकातला भेद मला ठाऊक आहे. पण कळीचा काठ पाहा, साल पाहा, बुळबुळ पाहा." माय ऐकायची आणि हसायची. तिला त्यातलं निम्मं समजत नसेल, पण आपलं म्हणणं लेकीच्या तोंडून परीक्षेत जाणार एवढं समजत होतं.

झाडं सुकत होती पाट्यावरवंट्याच्या ओझ्याखाली, वर्तमानपत्रांत. राज्यांच्या फेररचनेच्या बातम्यांवर अंबाडीच्या पाकळ्यांचे पिवळे डाग पडले होते. सुकली की माय ती कागदावर लावायची. कॉलेजात सांगितलं होतं, डिंक वापरा, त्यात औषध घाला, पिठाची खळ मुळीच वापरू नका. मी ते घरी सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "या घरात खळीशिवाय काही चिकटलं हाय काय आजवर?" तिनं खळच लावली. आणि वरून जाड फांद्यांना मागावरच्या पांढऱ्या सुतानं टाके घातले, इतके बारीक की कागदाच्या मागे हात फिरवल्यावरच कळावे.

परीक्षेच्या दिवशी पन्नास कागदांचं ते बाड दोन फळ्यांत बांधून तिनं जुन्या लुगड्यात गुंडाळलं आणि डोक्यावर घेतलं. रिक्षाचं नाव काढू दिलं नाही. "हादरे बसतीन, पानं मोडतीन." तांडापेठेपासून कॉलेजपर्यंत ती मान न हलवता चालली. बाड माझ्या टेबलावर ठेवून ती बाहेर व्हरांड्यात खिडकीखाली बसली. उन्हामुळे खिडक्या सताड उघड्या होत्या. मला माझ्या जागेवरून तिच्या लुगड्याचा हिरवा काठ दिसत होता. हे मी मुद्दाम लिहिते आहे. तो मला दिसत होता.

परीक्षक बाहेरगावचे होते. स्वच्छ पांढरा कोट, स्वच्छ मराठी. त्यांनी वेष्टनं उघडायला सुरुवात केली. मान डोलावली, टाक्यांचं कौतुक केलं. मग माल्व्हेसीचं वेष्टन उघडलं. जास्वंद, कापूस, अंबाडी, भेंडी. पाचवा कागद सावरीचा. त्यांचा हात थांबला. सहावा, सातवा. ते हसायला लागले. शेजारच्या टेबलावरच्या आमच्या सरांना त्यांनी हाक मारली.

"अहो, इकडे या जरा. या बाईंनी चार कुळांचा एकत्र संसार मांडलाय!"

सगळे पाहायला लागले. पंधरा मुलं, दोन मुली. सर हसले, कारण परीक्षक हसत होते. परीक्षकांनी चष्मा काढला आणि मला विचारलं, "हे तुला कोणी सांगितलं?"

उत्तर पाठ होतं. कळ्या कागदावर होत्या, माझ्या बोटापासून चार इंचांवर. मी तोंड उघडलं. आणि मला वैशाख दिसला, कांड्यांची टोपली दिसली, बाबांचं तोंड दिसलं. मी म्हणाले, "सर, मी बरोबर लावले होते. आमच्या घरी कामाला एक बाई आहे. तिनं आवरताना मिसळले."

जीभ झडली नाही माझी.

"तरीच," ते म्हणाले. "अडाणी बायांच्या हाती हे देऊ नये. लाव परत." मी तीन कागद काढले, तीन वेगळ्या वेष्टनांत घातले. त्यांनी खूण केली आणि पुढच्या टेबलाकडे गेले. मी खिडकीकडे पाहिलं तेव्हा हिरवा काठ तिथेच होता, तसूभरही हललेला नव्हता.

परत जाताना बाड पुन्हा तिच्याच डोक्यावर. ते काही दिवसांनी परत मिळायचं असतं, पण परीक्षकांना संग्रह चांगला वाटला म्हणून त्यांनी लगेच सही करून दिला होता. रस्त्यात एका घराच्या कुंपणावरून बाहेर झुकलेली सावर होती. फुलं पडत होती, थप्प, थप्प. आम्ही दोघी त्यांवरून चाललो. मान न वळवता तिनं विचारलं, "पास करतीन न वं तुले?"

"हो, माय."

"मंग झालं."

मी पास झाले. पुढेही शिकले. लग्न झालं ते माझ्या मर्जीनं, माझ्या वेळेला. या सगळ्यात तिनं कुठेही आडकाठी केली नाही, उलट बाबांशी ती माझ्यासाठी भांडली. फक्त एक झालं. त्या पावसाळ्यात मी आनंदानं एक रानवेल घेऊन घरी आले आणि तिला विचारलं, माय, ही कोणती? तिनं चरख्यावरून मान वर केली, वेलीकडे पाहिलं. चांगली ओळखत होती ती. "मले काय माहीत वं," ती म्हणाली, आणि कांडी भरत राहिली. मी पुन्हा विचारलं, वर्षभर विचारत राहिले, लाडानं, रागानं, रडूनही. मरेपर्यंत तिनं मला एकाही झाडाचं नाव सांगितलं नाही. कामाच्या बाईला काय माहीत असणार?

त्या परीक्षकांवर मी किती वर्षं चिडले त्याला गणती नाही. त्यांच्या पांढऱ्या कोटावर, त्यांच्या हसण्यावर. पुस्तकात जे चार पानांवर विखुरलं होतं ते शेजारी ठेवून पाहायची तसदी ज्यांनी घेतली नाही, त्या सगळ्या विद्वानांवर. त्यांनी चुकीची रेघ ओढली म्हणून राग नाही. रेघा चुकतात. पण रेघेवर बोट ठेवणाऱ्याला अडाणी म्हणताना त्यांना काडीचाही संकोच झाला नाही, त्याची आग अजून मस्तकात जाते.

आणि मग मी काय केलं? बत्तीस वर्षं त्याच चार रेघा ओढल्या. फळ्यावर, खडूनं, सरळ. एकदा नरखेडकडची एक मुलगी, कापसाच्या रानात वाढलेली, सावरीचं फूल आणि कापसाचं फूल घेऊन माझ्या टेबलाशी आली. "मॅडम, मले हे दोन्ही एकाच घरचे दिसून राहिले." केवढा आनंद होता तिच्या तोंडावर. मी तिला म्हणाले, "बोलताना नीट बोल, आणि पुस्तकात बघ." तिच्या वहीवर लाल फुली मारली. ती परत काही विचारायला आली नाही. माझा कोटही पांढराच होता.

परवा ऋचा कॉलेजातून आली, पंख्याखाली बसली, फोनवर बोट सरकवत म्हणाली, "आजी, तुमच्या वेळी टिलिएसी, स्टर्क्युलिएसी असं वेगवेगळं होतं ना? आता सगळं माल्व्हेसी. जनुकं तपासली तर एकच कूळ निघालं. धामण, मुरडशेंग, सावर, सगळ्या भेंडीच्याच घरच्या. तुमच्या वेळचं चुकीचंच होतं सगळं." आणि हसली. तिच्या हसण्यात वाईट काही नव्हतं.

माझ्या तळपायापासून डोक्यापर्यंत कसा जाळ उठला ते तिला कसं सांगू? झालं? एवढंच? नवी आवृत्ती काढली, जुनं पान बदललं, मोकळे झाले? ज्यांना हसलात त्यांना कुणी कळवलं का? तांडापेठेत कुणी जाऊन सांगितलं का, की बाई, तुमचं बरोबर होतं? पुस्तकं चूक सुधारतात, माफी मागत नाहीत. आणि कोणत्या तोंडानं मी पुस्तकांना बोलते आहे? मी तरी कुठे मागितली. लग्नानंतरही मी माहेराजवळच राहिले; ती असेपर्यंत एकवीस वर्षं रोज समोर होती. रोज तिच्या हातचा चहा प्याले मी.

मी उठले. कपाटावरचं बाड खाली काढायला ऋचाला लावलं. लुगड्याचा तुकडा हाताला लागताच फाटला. फळ्या उघडल्या तर भुसा उडाला. कॉलेजानं बजावलं होतं तसंच झालं होतं. खळीला कसर लागली होती, आणि खळीबरोबर झाडंही गेली होती. जास्वंद नव्हती, धामण नव्हती. सावरीचा कागद मी उचलला तर त्यावरून फुलाची तपकिरी भुकटी माझ्या मांडीवर सांडली. कागदावर उरले होते नुसते टाके. फांदी जिथे होती तिथे वरपासून खालपर्यंत पांढऱ्या सुताचे टाके, कळीपाशी दोन, देठापाशी तीन. झाड नसलं तरी झाडाचा आकार त्या टाक्यांत होता. कसरीनं सगळं खाल्लं, मायचं सूत तेवढं सोडलं.

खाली चिठ्ठी शाबूत होती. गोळा करणाऱ्याचं नाव: माझं.

ऋचा वेष्टनं चाळत होती. तिचा हात एकदम थांबला. माल्व्हेसीच्या वेष्टनाच्या आत, पेन्सिलीनं, माझ्याच तेव्हाच्या अक्षरात तीन नावं होती: सावर, धामण, मुरडशेंग. त्यांवर मी नंतर काट मारली होती, पण वाचता येत होती.

"अगं, हे तर आत्ताचं वर्गीकरण!" ती माझ्याकडे डोळे मोठे करून पाहायला लागली. "आजी, हे तुला कोणी सांगितलं?"

तेच शब्द. पंखा फिरत होता, भुकटी उडत होती, बाहेर फूल पडलं, थप्प. आयुष्यभर शुद्ध बोलण्याची सवय लावून घेतलेलं माझं तोंड उघडलं आणि त्यातून तांडापेठ बाहेर आली.

"माह्या मायनं," मी म्हणाले. "माह्या मायनं सांगतलं मले."